साहेबमामांचं देहू

'प्रभात'च्या 'संत तुकाराम'वर दिग्दर्शक म्हणून दोन नावं येतात. दामले आणि फत्तेलाल. ही दोन नावं मराठी माणसाच्या तोंडात इतकी जोडीनं बसलेली आहेत की शंकर-जयकिशनसारखी ती एका दमात उच्चारली जातात, आणि एका दमात उच्चारलं की त्यातला एकेक माणूस कोण होता हे विचारायचं राहून जातं. आमच्या शिक्षक खोलीत एकदा मी सहज विचारलं, "फत्तेलाल म्हणजे कोण?" एक जण म्हणाले, "मारवाडी असतील." दुसऱ्यांनी गुजराती ठरवलं. तिसऱ्या मॅडम म्हणाल्या, "दामल्यांचंच काहीतरी मधलं नाव असेल." फत्तेलाल हे कागलचे शेख फत्तेलाल होते आणि सगळा स्टुडिओ त्यांना 'साहेबमामा' म्हणायचा, हे सांगितल्यावर दोन-तीन क्षण शांतता झाली. मग एकाच्या तोंडून निघालं, "काय सांगता! तुकाराम पिक्चर मुसलमानाने काढला?"

ते आश्चर्य प्रेमळच होतं, त्याबद्दल माझी तक्रार नाही. पण गेली काही वर्षं साहेबमामांचं नाव निघतं ते फक्त या आश्चर्यापुरतंच. आषाढी जवळ आली की व्हॉट्सॲपवर एक पोस्ट फिरते: बघा, आपली गंगा-जमनी संस्कृती. पोस्टमध्ये त्यांचा धर्म असतो, त्यांचं काम नसतं. आपल्यातले काही जण ती पोस्ट उत्साहानं पुढे पाठवतात, जणू साहेबमामा हे आपलं चारित्र्याचं प्रमाणपत्र आहे आणि दरवर्षी त्याचं नूतनीकरण करायचं आहे. उलट आपल्यातलेच दुसरे काही जण त्यांचं नाव घेत नाहीत, कारण त्यांनी तसबिरी काढल्या, देवादिकांचे चित्रपट केले. या दोन्ही गोटांत बसून साहेबमामा समजत नाहीत. ते समजतात त्यांच्या हातातल्या कामातून. म्हणून आज त्या कामाबद्दल लिहिते आहे.

त्यांचा जन्म १८८६चा, कागलचा. कागल हे कोल्हापूरजवळचं घाटग्यांचं गाव. शाहू महाराज जन्मले तेही याच घराण्यात, पुढे ते कोल्हापूरच्या गादीवर दत्तक गेले. फत्तेलाल यांचं घराणं मिस्त्रींचं. आता 'मिस्त्री' या शब्दाची गंमत बघा. ज्या बाबूराव पेंटरांच्या हाताखाली फत्तेलाल तयार झाले, त्यांचं मूळ आडनावही मेस्त्री. म्हणजे एक हिंदू मेस्त्री, एक मुसलमान मिस्त्री, आणि दोघांच्याही घरात वंशपरंपरेनं आलेली गोष्ट एकच: हात. लाकूड, दगड, रंग, माती यांना आकार द्यायचा हात. या दोन घरांमध्ये मला तरी धर्मापेक्षा हे नातं जास्त जवळचं वाटतं.

त्या काळचं कोल्हापूर आठवलं पाहिजे. उस्ताद अल्लादियाखाँ साहेब दरबारी गवई. आबालाल रहिमान दरबारी चित्रकार. पिंजारी वाटावा असा साधा राहणारा हा माणूस रंकाळ्याच्या काठावर बसून निसर्गचित्रं रंगवत असे. १९०६ साली महाराजांनी मुसलमान मुलांसाठी बोर्डिंग काढलं. या शहरात मुसलमान माणूस गातो, चित्रं काढतो, यात कुणाला आश्चर्य वाटावं असं काही नव्हतं. आश्चर्य नंतरच्या काळानं निर्माण केलं.

याच शहरात आनंदराव आणि बाबूराव पेंटर हे दोन नात्यातले भाऊ नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवत होते. राजवाडा, जंगल, नदीकाठ. पडदा गुंडाळून बैलगाडीत घातला की पुढच्या गावाला. फत्तेलाल आनंदरावांकडे शिकायला लागले ते इथे. पडदा रंगवणाऱ्याला एक गोष्ट लवकर कळते: माणूस समोर उभा राहिला की मागची भिंत खरी वाटली पाहिजे, पण माणसापेक्षा जास्त बोलली नाही पाहिजे. पुढे तीस वर्षं त्यांनी हेच केलं.

दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' १९१३चा. त्यानंतर या भावांच्या डोक्यात चित्रपटाचं खूळ शिरलं. परदेशी कॅमेरा विकत घेण्याइतका पैसा नव्हता, म्हणून कॅमेरा स्वतःच बनवायचं ठरलं. मिस्त्रींच्या घरातच असं ठरू शकतं! आनंदराव १९१६मध्ये गेले. कॅमेरा अर्धा राहिला. तो बाबूरावांनी पुरा केला, आणि त्यांच्या मदतीला होते विष्णुपंत दामले. कोकणातल्या पेणचे, फत्तेलालांपेक्षा पाचसहा वर्षांनी लहान, यंत्रात डोकं चालणारे. भांडवल आलं तानीबाई कागलकरांकडून. या गायिका, खाँसाहेबांच्या घराण्याची तालीम मिळालेल्या. एका गाणाऱ्या बाईच्या पैशावर 'महाराष्ट्र फिल्म कंपनी' उभी राहिली, ही गोष्ट आपल्याकडे तळटीपेत सांगितली जाते. ती मजकुरात यायला हवी.

'सैरंध्री' पुण्याच्या आर्यन थिएटरात १९२० साली लागला आणि लोकमान्य टिळकांनी कौतुक केलं. त्या कंपनीत दामले आणि फत्तेलाल नेपथ्यही करत आणि कॅमेराही चालवत. तेव्हा कामांची आजच्यासारखी वाटणी नव्हती. सकाळी रंगाचा ब्रश, दुपारी कॅमेऱ्याचा हँडल, रात्री लॅबोरेटरीत फिल्म धुवायची.

मूकपटाचा कॅमेरा चालवणं म्हणजे नेमकं काय, हे जरा सांगते, कारण पुढचं सगळं त्यावर उभं आहे. कॅमेऱ्याला मोटार नव्हती. बाजूला हँडल असायचा, तो हातानं फिरवायचा. साधारणपणे सेकंदाला दोन फेरे, एका फेऱ्यात आठ चौकटी, म्हणजे सेकंदाला सोळा. समोर घोडा धावो की राणी रडो, छायालेखकाचा हात त्याच लयीत फिरला पाहिजे. हात घाईत आला तर पडद्यावर माणसं संथ होतात, हात रेंगाळला तर माकडासारखी धावतात. बरेच जण मनात आकडे मोजत, काही जण एखादी चाल गुणगुणत. म्हणजे नटाच्या अभिनयाची लय शेवटी कॅमेऱ्यामागच्या माणसाच्या मनगटात असायची.

दुसरी गोष्ट रंगांची. तेव्हाची फिल्म तांबड्या रंगाला आंधळी होती. लाल लुगडं पडद्यावर काळं येई, निळं आकाश पांढरंफटक. ज्यानं आयुष्यभर रंगात काम केलं त्याला इथे रंग विसरून राखाडी शिकावं लागलं. कोणता पिवळा कोणत्या करड्यात उतरेल, कुंकू काळं डाग होऊन दिसू नये म्हणून काय लावायचं, भिंतीला चुन्यात काय मिसळायचं. चित्रकार नि छायालेखक एकाच कातडीत असला तर हे दोनदा समजवावं लागत नाही.

तिसरी गोष्ट चमत्कारांची. पौराणिक चित्रपटात देव प्रकट व्हायला हवेत, अंतर्धान पावायला हवेत. हे सगळं कॅमेऱ्याच्या आतच करावं लागे. एकदा चित्रण करायचं, लेन्स हळूहळू मिटायची, फेरे मोजून फिल्म उलटी गुंडाळायची, आणि त्याच फिल्मवर पुन्हा दुसरं चित्र घ्यायचं. फेऱ्यांच्या मोजणीत चूक झाली की देव भिंतीतून अर्धाच बाहेर. दोन्ही चित्रणं फुकट. असा चमत्कार ही भक्तीची गोष्ट नसते, वहीत नीट लिहिलेल्या आकड्यांची असते.

१९२८मध्ये कंपनीच्या 'महारथी कर्ण'चं दिग्दर्शन या जोडीकडे आलं. पुढच्याच वर्षी, १९२९मध्ये, चौघं जण कंपनी सोडून बाहेर पडले: शांताराम, दामले, फत्तेलाल, केशवराव धायबर. पाचवे भागीदार सीतारामपंत कुलकर्णी हे सराफ. त्यातून १ जून १९२९ रोजी 'प्रभात' झाली. भागीदारांत ब्राह्मण, मराठा, मुसलमान, आणि ज्यांचे वडील जैन होते असे शांताराम. त्या पाच जणांनी एकत्र येताना सर्वधर्मसमभावाचं भाषण केलं असेल असं मला वाटत नाही. ज्याला जे काम येत होतं ते कंपनीला लागत होतं. शांतारामांना दिग्दर्शनाची झेप होती, धायबरांना कॅमेरा येत होता, कुलकर्ण्यांकडे पैसा होता.

'प्रभात'नं कोल्हापुरात सुरुवातीला मूकपटच काढले. त्यातल्या शिवाजी महाराजांवरच्या 'स्वराज्याचे तोरण'ला इंग्रजी सेन्सॉरनं अडवलं, तेव्हा तो 'उदयकाल' या नावानं आला. मग १९३२ साली 'अयोध्येचा राजा' बोलू लागला आणि सगळी विद्या उलटीपालटी झाली. कॅमेऱ्याला मोटार आली, वेग सेकंदाला चोवीस चौकटींवर बांधला गेला, मनगटातली लय निरुपयोगी ठरली. कॅमेऱ्याची घरघर ध्वनीत येऊ नये म्हणून त्याला कोंडून ठेवायची वेळ आली. जगभरात या वळणावर मूकपटातले कितीतरी कसबी लोक गळाले. दामले इथे ध्वनिलेखनाकडे वळले, नव्या यंत्राशी दोस्ती करून बसले. साहेबमामा नेपथ्याकडे, कलादिग्दर्शनाकडे गेले. १९३३मध्ये कंपनी पुण्याला आली, मोठा स्टुडिओ उभा राहिला. शांतारामांच्या 'अमृतमंथन'मधली ती अंगावर येणारी मंदिरं नि मूर्ती पाहिल्या की कळतं, पडदे रंगवणाऱ्या पोराला आता अख्खी शहरं उभारायला मिळाली होती.

मला मात्र राजवाडे उभारणारे साहेबमामा तितके मोठे वाटत नाहीत. राजवाडा उभारणं सोपं असतं, खरा राजवाडा कुणी पाहिलेला नसतो. देहू उभं करणं अवघड. देहू प्रत्येकाच्या गावासारखं दिसायला हवं.

'संत तुकाराम'चं लेखन शिवराम वाशीकरांचं, संगीत केशवराव भोळ्यांचं, छायालेखन व्ही. अवधूत यांचं. तुकारामाच्या भूमिकेला विष्णुपंत पागनीस. हे नाटकात स्त्रीभूमिका करणारे गायक नट, त्यामुळे त्यांच्या निवडीवर कंपनीतच कुरबूर झाली. बायकी हावभावाचा माणूस तुकाराम कसा होणार? दामले-फत्तेलाल आपल्या म्हणण्यावर ठाम राहिले. आता चित्रपट पाहताना वाटतं, पागनीसांमधला तो मऊपणाच तर तुकारामाला हवा होता. आणि जिजाईच्या भूमिकेत गौरी. ही काही नामवंत नटी नव्हती, स्टुडिओतच लहानसहान कामं करत वर आलेली बाई. तिच्या चालण्यात, म्हशीवर ओरडण्यात, पदर खोचण्यात नाटक मंडळीचा लवलेश नाही.

चित्रपट सुरू होतो तेव्हा तुकाराम गातो आहे. लगेच सालोमालो तोच अभंग स्वतःच्या नावावर खपवतो, पण गाताना मुरडतो, ताना घेतो, हात नाचवतो. ही दोन माणसं शेजारी ठेवून दिग्दर्शकांनी खरं नि खोटं काय ते एकाही वाक्याशिवाय सांगून टाकलं. जो मूकपटात वाढला त्यालाच हे सुचतं. बोलपट आल्यावर बाकीचे चित्रपट बोलतच सुटले होते.

मग घर. जातं, चूल, माठ, भिंतीचा पोपडा, दारातली म्हैस. या घरात दिवा कुठे असेल नि उजेड कुठून येईल हे आधी ठरवून मग भिंत बांधलेली आहे. नेपथ्यकार छायालेखक असल्याचा हा फायदा. तुकाराम देवळात नि पारावर असतो, जिजाई घरात. ती जागची हलत नाही आणि सगळं घर तिच्याभोवती फिरतं. मूल आजारी पडल्यावर ती पायातली वहाण हातात घेऊन विठोबाला जाब विचारायला निघते, ते दृश्य आजच्या काळात कुणी नव्यानं चित्रित करू धजेल का? १९३६मध्ये एका ब्राह्मणानं आणि एका मुसलमानानं ते केलं आणि थिएटरातले वारकरी हसले, रडले. कुणाच्या भावना दुखावल्या नाहीत.

मुंबईच्या सेंट्रल सिनेमात हा चित्रपट ५७ आठवडे चालला. १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला. शांताराम आठवल्यांनी या चित्रपटासाठी लिहिलेलं एक गीत इतकं तुकोबांच्या वळणाचं झालं की कित्येक लोक आजही ते गाथेतलंच समजतात. नंतरच्या काळात गीता कपूर यांच्यासारख्या कलासमीक्षकांनी यावर गंभीरपणे लिहिलं, कुमार शहानी यांच्यासारख्या दिग्दर्शकानं हा वारसा मानला. म्हणजे खेड्यातली बाई नि पुस्तकी समीक्षक दोघांनाही पुरून उरलेला चित्रपट.

यात एक प्रसंग माझ्यासाठी अवघड आहे, तो टाळून पुढे जाणं बरं नव्हे. शिवाजी महाराज कीर्तनाला आलेले असताना शत्रूचे शिपाई त्यांना पकडायला येतात, आणि देवाच्या कृपेनं बसलेल्या लोकांत जिकडे तिकडे शिवाजीच शिवाजी दिसू लागतात. ही कथा महिपतीबुवांच्या परंपरेतून आलेली. शिपाई मुसलमान. आठवीच्या मुलांना हा चित्रपट मी वर्गात प्रोजेक्टरवर दाखवला तेव्हा या प्रसंगाला माझंच काळीज लकलकलं. आमची शाळा उर्दू माध्यमाची. पण मुलं खदखदून हसली. त्या गोंधळलेल्या शिपायांना हसली. "मॅडम, ये कैसे किया? सबको शिवाजी का कपडा पहनाया क्या?" हाच पहिला प्रश्न. मग अर्धा तास मी फिल्म उलटी गुंडाळणं, लेन्स झाकणं, तेच दृश्य पुन्हा पुन्हा घेणं, कापून जोडणं, असं सगळं फळ्यावर काढून दाखवत बसले. तो तास मराठीचा होता, झाला विज्ञानाचा. त्या वयाच्या मुलांना पडद्यावरचा शिपाई आपला मामा-चाचा वाटत नाही. तसं वाटायला त्यांना कुणीतरी मोठ्यानं शिकवावं लागतं.

दुसरा प्रश्न मात्र जड होता. मागच्या बाकावरच्या एका मुलानं विचारलं, "मॅडम, उनको गुनाह नहीं लगा?" तो मदरशातही जाणारा, हुशार, मनापासून विचारणारा पोरगा.

हा प्रश्न हसण्यावारी नेणाऱ्यांपैकी मी नाही. जिवंत आकार घडवण्याबद्दल हदीसमध्ये कडक शब्द आहेत, हे खरं आहे. अल्लाहच्या नावांपैकी एक अल-मुसव्विर आहे, आकार देणारा, आणि तो मान त्याचाच, म्हणून माणसानं त्याची बरोबरी करू नये, अशी त्यामागची भावना. तिच्यात नम्रता आहे. पण याच उम्मतमध्ये इराणी नि मुघल चित्रकार झाले, आणि फोटोग्राफी आल्यावर इजिप्तच्या शेख मुहम्मद बखीत यांच्यासारख्या मुफ्तींनी म्हटलं की फोटो म्हणजे नवा आकार घडवणं नव्हे, आहे ती सावली धरून ठेवणं आहे. आपल्याकडचे बहुतेक उलमा याच्याशी सहमत नव्हते. वाद चालूच आहे, आणि चालू असतानाच आपण सगळे हजच्या अर्जाला फोटो लावतो. मी त्या मुलाला एवढं सांगितलं की याचा हिशेब साहेबमामांचा नि अल्लाहचा आहे, तुझ्या-माझ्या वहीत तो लिहिलेला नाही. आपल्या वहीत आहे ते काम, ते आपण तपासू शकतो. त्याचं समाधान झालं असं नाही. पण पुढच्या आठवड्यात त्यानं जिजाईचं स्वयंपाकघर पेन्सिलीनं काढून आणलं होतं. त्यात जातं होतं, चूल होती, म्हैस होती, माणूस नव्हता. मी त्याला पूर्ण गुण दिले.

आणि तुकोबा तरी आपल्याला परके कुठे आहेत? गाथेत हिंदुस्थानी बोलीतले अभंग आहेत, त्यांत अल्लाहचं नाव आहे. श्रीगोंद्याच्या शेख महंमदांनी 'योगसंग्राम' लिहिला, शहामुनींनी 'सिद्धांतबोध'. १९९० साली सोलापुरात मुस्लिम मराठी साहित्याचं पहिलं संमेलन भरलं तेव्हा आपण काही नवीन भाषा धरत नव्हतो, ती घरातच होती. माझ्या मुलांना मराठी हा पास व्हायचा पेपर वाटतो. जिजाईची एकही शिवी त्यांना समजावून सांगावी लागली नाही, ही गोष्ट मी मुद्दाम नोंदवते.

'तुकाराम'नंतर या जोडीनं १९३८मध्ये 'गोपाळकृष्ण' केला, त्यात बालगायक राम मराठे कृष्ण झाले. १९४०मध्ये 'संत ज्ञानेश्वर'. ज्ञानेश्वर झाले शाहू मोडक, अहमदनगरच्या मराठी ख्रिस्ती घरातले. म्हणजे ज्ञानोबा ख्रिस्ती, दिग्दर्शक एक ब्राह्मण, एक मुसलमान, आणि भिंत चालली! भिंत चालवणं, रेड्याकडून वेद वदवणं, यात मूकपटातली सगळी हातचलाखी पुन्हा उपयोगी पडली. तरी मला हा चित्रपट 'तुकाराम'च्या एक पायरी खाली वाटतो. यात जिजाई नाही. चमत्काराला जमिनीवर ओढून धरणारी बाई नसली की तो नुसता तरंगत राहतो.

१९४१मध्ये राजा नेन्यांबरोबर 'संत सखू', हंसा वाडकरांचा. त्याच वर्षी कंपनीत शांतारामांनी 'शेजारी' काढला, हिंदू-मुसलमान शेजाऱ्यांच्या मैत्रीवरचा. त्यात मिर्झाची भूमिका गजानन जागीरदारांची, आणि हिंदी 'पडोसी'त ठाकूर झाले मझहर खान. हिंदूनं मुसलमान व्हायचं, मुसलमानानं हिंदू. 'प्रभात'च्या हिंदी आवृत्त्यांसाठी मुन्शी इस्माईल फरोग, मुन्शी अझीझ यांच्यासारखे उर्दूतले लोक लिहीत होते. म्हणजे पुण्याच्या त्या आवारात एका बाजूला वाशीकरांची मराठी नि दुसऱ्या बाजूला मुन्शींची उर्दू, अशी रोजची ये-जा होती. दोन्ही भाषा शिकवून पोट भरणारी मी, मला या आवाराचा हेवा वाटतो.

पुढची वर्षं उताराची. १९४२मध्ये शांताराम बाहेर पडले. दामले आजारी पडले आणि १९४५च्या जुलैमध्ये गेले. जवळजवळ तीस वर्षांची जोडी फुटली. दोघांमध्ये कोणाचं काय, कोणता शॉट कुणाचा, असा हिशेब मांडायचा प्रयत्न अभ्यासक करतात. हा यंत्राचा माणूस, तो चित्राचा. मला वाटतं तो हिशेब लागत नाही. मूकपटाच्या दिवसांत एक जण हँडल फिरवत असताना दुसरा सेट लावत होता, आणि उद्या उलट. अशा दोघांत सांधा शोधायला गेलं तर हाताला सांधा लागत नाही. पण दामल्यांशिवाय साहेबमामांनी जे केलं त्यात 'तुकाराम'ची धार नाही, हेही तितकंच खरं.

'प्रभात'चा दिवा पन्नाशीच्या दशकात विझला. त्यानंतर १९५५मध्ये साहेबमामांच्या दिग्दर्शनाखाली एक हिंदी चित्रपट आला, 'जगद्गुरू शंकराचार्य'. जवळजवळ सत्तरीचा कागलचा मिस्त्री अद्वैताच्या आचार्यावर चित्रपट करतो. व्हॉट्सॲपवाल्यांना हे अजून सापडलेलं नाही, सापडलं की तीही पोस्ट येईल. मला त्यात दिसतो तो एक म्हातारा कारागीर, ज्याचा स्टुडिओ गेला, जोडीदार गेला, आणि जो हातात काम आहे तोवर ते करत राहिला.

१९६० साली केंद्र सरकारनं 'प्रभात'च्या त्याच आवारात फिल्म इन्स्टिट्यूट सुरू केली. साहेबमामा १९६४मध्ये गेले. म्हणजे शेवटची चार वर्षं त्यांना हे माहीत होतं की आपण बांधलेल्या त्या प्रचंड स्टुडिओत आता देशभरातून आलेली पोरं कॅमेरा शिकताहेत. तो स्टुडिओ अजून उभा आहे. पुण्याला गेलात तर लॉ कॉलेज रस्त्यावरून जाताना फाटकाशी थांबा. 'तुकाराम'ची प्रत तर कुठेही मिळते. पाहताना शेवटाकडे नीट लक्ष ठेवा. तुकाराम वैकुंठाला निघाला आहे, गरुडाचं विमान आलं आहे, आणि जिजाई घरकामात गुंतलेली आहे. पोरंबाळं, चूल टाकून ती कशी जाणार? ती धावत बाहेर येते तेव्हा विमान वर गेलेलं असतं. तिच्या चेहऱ्यावर कॅमेरा किती वेळ थांबतो ते मोजा.